अखत्याराबाहेरची एक ओळ

अण्णा, परवा धाकट्या भावाची नात जेवायला आली होती. तुम्ही तिला पाहिलेलं नाही. ती वकील आहे, इथंच धाराशिवच्या कोर्टात जाते. जेवताना तिनं एका बँकेच्या भांडणाची हकीकत सांगितली. कर्ज किती फिटलं आणि किती राहिलं, एवढंच लवादाला विचारलेलं होतं. त्यानं कर्जदाराच्या दोन भावांमधल्या वाटणीचाही निकाल लावून टाकला. प्रकरण वर गेलं आणि सगळा निवाडा रद्द झाला. कर्जाचा बरोबर ठरवलेला भागही त्याच्यासोबत गेला. ‘आजी, एका परिच्छेदानं सगळं गेलं बघ,’ असं ती म्हणाली आणि आमटी भुरकली. मी म्हटलं, असं होतं का? तिनं मग मला लवादाचा अखत्यार म्हणजे काय ते नीट समजावून सांगितलं आणि मी पहिल्यांदाच ऐकत असल्यासारखी मान हलवत राहिले. ती गेल्यावर भांडी तशीच ठेवून कागद घेऊन बसले. तुम्ही गेलात तेव्हाच्या तुमच्या वयापेक्षा आता मी वीस वर्षांनी म्हातारी आहे. तुम्हांला लिहायला एवढं वय पुरे व्हावं.

कळंबच्या आपल्या घराची ओसरी मला अजून सगळी आठवते. शाळेतनं निवृत्त झाल्यावर तुम्हांला दुपार जाईना. मग सहकारी खात्याच्या साहेबांनी तुम्हांला सालिस नेमलं. लवादाला तेव्हा आपल्याकडं सालिसच म्हणत. निजामाचं राज्य, सरकारी कागद सगळा उर्दूत, माणसं सगळी मराठी बोलणारी, आणि दोन्हीकडचं नीट कळणारा, कुणाच्या घरचा चहा न पिणारा माणूस त्यांना हवा होता. बाजाराच्या दिवशी तुम्ही सतरंजी अंथरायचात. कपाळावर विभूतीचे पट्टे, डोक्याला रुमाल, पुढ्यात उतरतं मेज. आलेल्या दोन्ही बाजूंना आधी पाणी द्यायला लावायचात. मग खात्यातनं आलेला कागद हातात घेऊन, काय विचारलंय ते दोनदा वाचून दाखवायचात. पहिल्यांदा उर्दूत आणि मग मराठीत. आणि दर वेळी तेच सांगायचात, की एवढंच विचारलंय, एवढंच सांगेन. माणसं कंटाळायची. बैलाच्या चोरीपासून भावजयीच्या बोलण्यापर्यंत सगळं त्यांना त्याच बैठकीत मिटवून हवं असायचं. तुम्ही ऐकून घ्यायचात आणि म्हणायचात, हे या कागदात नाही.

वाचून दाखवायचात असं लिहिलं खरं, पण शेवटच्या तीन-चार वर्षांत वाचत मी होते. तुमच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. आई चुलीपुढं भाकरी थापत असताना तुम्ही मला लहानपणी अलिफ-बे शिकवलं होतं, परातीतल्या पिठावर बोटानं गिरवून. पोरीला उर्दू कशाला, असं आई म्हणायची, आणि तुम्ही म्हणायचात की घरात आलेला सरकारी कागद परक्याकडनं वाचून घ्यायची पाळी तिच्यावर येऊ नये. ती विद्या अशी कामाला येईल हे तुम्हांलाही वाटलं नसेल. लग्न होऊन सास्तूरकडं गेलेली मी चार वर्षांनी परत आले होते. नवऱ्यानं दुसरी बायको आणली होती. मी अंगावरच्या लुगड्यानिशी निघाले आणि आईनं दिलेले सगळे डाग, म्हणजे दागिने, तिथंच राहिले. तुम्ही मला घरात घेतलंत, एका शब्दानं दुखावलं नाहीत. पण डाग मागायला गेला नाहीत. आईनं दोनदा सुचवलं. ‘मुलगी दिल्यावर त्या घरात माझा अखत्यार चालत नाही,’ असं तुम्ही तिला सांगितलंत. मी आत जात्यापाशी होते. मला ऐकू आलं होतं.

मग तेरखेड्याचं प्रकरण आलं.

तेरखेड्याचा एक दारूकाम करणारा, म्हणजे शोभेची दारू बनवणारा, आपल्या गावच्या सहकारी बँकेचा सभासद होता. अंजुमन म्हणायचे त्या बँकेला. शोरा, गंधक आणि कागद घ्यायला त्यानं कर्ज काढलं होतं. लग्नसराई आणि उरूस झाले की फेडायचा, असं चार-पाच वर्षं चाललं होतं. एका दुपारी वाळत घातलेल्या मालानं पेट घेतला आणि तो त्यातच गेला. मागं राहिली त्याची बायको. मूलबाळ नव्हतं. बाई चाळिशीची असेल. डाव्या हाताची दोन बोटं जुन्या भाजण्यानं आखडलेली, पण त्याच हातानं ती कागदाची नळी अशी वळायची की एकसुद्धा सुरकुती पडायची नाही. माझ्यासमोर तिनं जुन्या पंचांगाचा कागद घेऊन मला एकदा करून दाखवली होती.

बँकेनं सालिसाकडं मागणं केलं ते असं: कर्ज व्याजासह वसूल व्हावं आणि त्यासाठी तिचं तेरखेड्याचं घर विकायची परवानगी मिळावी. बँकेचे अध्यक्ष म्हणजे आपल्या गावातले मोठे अडत्ये. तुम्ही त्यांच्या दोन्ही मुलांना शिकवलेलं. रस्त्यात भेटले की वाकून नमस्कार करायचे.

ती दुपार मला अशी दिसते. अध्यक्ष भिंतीला टेकून बसलेत, शेजारी बँकेचा कारकून. बाई उंबऱ्याजवळ, डोक्यावरचा पदर हनुवटीखाली धरून. मी तुमच्या डाव्या हाताला बसून कागद वाचतेय. घराचा कागद निघतो. घर तिच्या आईनं तिच्या नावानं केलेलं आहे, लग्नाच्या आधी. तुम्ही मला तो कागद तीनदा वाचायला लावता. मग अध्यक्षांना सांगता की ही बाई नवऱ्याची वारस म्हणून समोर बसलीय, घराची मालकीण म्हणून नाही. नवऱ्याचं जे असेल त्यावर बँकेचा हक्क. हे घर नवऱ्याचं कधीच नव्हतं, आणि बाई स्वतः सभासद नाही. या घरावर सालिसाचा अखत्यार नाही. अध्यक्षांचा चेहरा उतरतो. बाईला काही कळलेलं नाही, ती माझ्याकडं बघते. मी हळूच सांगते, घर राहिलं. ती दोन्ही हात जमिनीला लावते. त्या घटकेला, अण्णा, तुमच्याएवढा मोठा माणूस त्या तालुक्यात कुणी नव्हता.

मग ती बोलायला लागली. नवऱ्याच्या दिवसांत अध्यक्ष समाचाराला आले होते. बँकेला काहीतरी तारण लागेल, असं म्हणून तिचे चांदीचे गोठ आणि बोरमाळ घेऊन गेले होते. पावती नाही, बँकेत नोंद नाही. कारकून खाली बघायला लागला. तुम्ही अध्यक्षांना विचारलंत. त्यांनी नाकारलंसुद्धा नाही. म्हणाले, आहेत माझ्या घरी, ते तिच्या-माझ्यातलं आहे, बँकेचं नाही, मग सालिसाचा त्याच्याशी काय संबंध?

तुम्ही बाईला म्हणालात की अध्यक्षांचं म्हणणं कायद्यानं बरोबर आहे. बँक आणि सभासद यांच्यातलं कर्ज माझ्याकडं आलंय. या डागांचं मला कुणी विचारलेलं नाही. तू अदालतीत दावा लाव.

ती रडली नाही. सरळ तुमच्याकडं बघत म्हणाली, ‘मालक, घर माझं हाय म्हून तुमची सत्ता न्हाय. डाग माझे हायत म्हून बी न्हाय. मग माझं म्हननं ऐकायची सत्ता हाय तरी कुनाला?’

तुम्ही तिला जेवून जायला सांगितलंत. ती जेवली नाही. तेरखेड्याकडं जाणाऱ्या गाडीत बसून गेली.

त्या दिवशी आईनं येसराची आमटी केली होती. तुम्ही पाटावर बसलात आणि मी वाढायला आले. वाढता वाढता बोलले. आजवर तुमच्यापुढं आवाज चढवला नव्हता आणि तेव्हाही चढवला नाही, पण आवाज चढला असता तर बरं झालं असतं. मी म्हटलं की तो माणूस तुमच्या ओसरीवर बसून कबूल करतो आणि पाय झाडून उठून जातो, आणि तुम्ही त्याला वाट दाखवता. तुम्ही समजावू लागलात. मी सरकार नाही, अदालत नाही, एका कागदानं मला इथं बसवलंय. त्या कागदाबाहेर मी बोललो तर मी आणि चावडीवर बसून बोलणारा यात फरक काय? उद्या दुसरा सालिस असाच बाहेर जाईल आणि एखाद्या बाईचं घर विकायला काढेल. ते सगळं खरं होतं. मला कळत होतं की ते खरं आहे, आणि म्हणूनच माझा तोल गेला.

‘माझ्या वेळीही तुमचा अखत्यार नव्हता,’ मी म्हटलं.

तुमचा हात ताटातच थांबला. आई चुलीपाशी उभी राहिली. तुम्ही हात धुतलात आणि काठी घेऊन मठाकडं निघून गेलात. आई मला रागं भरली नाही. ताट उचलताना एवढंच म्हणाली की आज ते उपाशी गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही मला निवाडा लिहायला बसवलंत. तुम्ही सांगत गेलात, मी लिहीत गेले. कर्ज खरं, एवढं फिटलं, एवढं राहिलं. नवऱ्याचा उरलेला माल आणि अवजारं यांतून वसूल करावं. घर विधवेचं स्वतःचं, त्याला हात लावता येणार नाही. इथं निवाडा संपायला हवा होता. मी दौतीचं झाकण लावायला घेतलं. तुम्ही म्हणालात, थांब. मग एक ओळ सांगितलीत. अध्यक्षांनी आपल्या घरी असल्याचं कबूल केलेले गोठ आणि बोरमाळ आठ दिवसांत बाईला परत करावेत.

मी टाक उचलून धरला. ‘हे लिहू?’

‘लिही,’ तुम्ही म्हणालात. आणि थोड्या वेळानं, जसं पाऊस येईल म्हणावं तशा आवाजात म्हणालात की ते आता याच्याविरुद्ध वर दाद मागतील.

मी लिहिलं. माझं अक्षर त्या दिवशी फार चांगलं आलं होतं. सही कुठं करायची ते दाखवायला मी तुमचं बोट धरून कागदावर ठेवलं. मला आनंद झाला होता, हे तुमच्यापासून लपलं नसेल. तुम्ही सारं आयुष्य जपलेली एक गोष्ट माझ्या बोलण्यानं हलली होती, आणि ती पडताना काय काय घेऊन पडेल हे तुम्हांला माहीत होतं. मला नव्हतं.

आठ दिवस गेले, डाग आले नाहीत. दोन महिन्यांनी खात्याचा कागद आला. मीच वाचून दाखवला. लिहिलं होतं की सालिस सोपवलेल्या वादाच्या हद्दीबाहेर गेले, सबब संपूर्ण निवाडा रद्द करण्यात येतो. नव्या सालिसाची नेमणूक होईल आणि आपलं नाव यादीतून कमी केलं आहे. मला वाटलं, त्या एका ओळीवर काट मारतील. त्यांनी घराची ओळही पुसून टाकली होती. तुम्ही मला हद्दीबाहेरचं वाक्य पुन्हा वाचायला सांगितलंत. मी वाचलं. ‘बरोबर लिहिलंय,’ तुम्ही म्हणालात. ‘मी असतो तर हेच लिहिलं असतं.’

त्यानंतरच्या बाजाराच्या दिवशी तुम्ही सवयीनं ओसरीवर येऊन बसलात. मी सतरंजी अंथरली नव्हती. तुम्ही जमीन चाचपलीत आणि तसेच बसून राहिलात. मी आतून बघत होते आणि मला बाहेर यायचं धाडस झालं नाही.

बाईला निरोप मीच पाठवला. ती आली तेव्हा मला वाटलं, शिव्या घालील. घर पुन्हा टांगणीला लागलं होतं ते माझ्यामुळं. तिनं विचारलं, मालकांचं काम गेलं म्हंत्यात, खरं का? मी व्हय म्हटलं. ती ओसरीवर तुमच्यासमोर जाऊन बसली. जाताना तुम्ही तिला म्हणालात, ‘मी दिलेलं टिकणार नव्हतं. अदालतीत दावा लाव. मी सालिस नाही आता. साक्षीदार होऊ शकतो.’

मग ते वाईट दिवस आले. रझाकारांच्या भीतीनं अर्धा गाव हद्दीपलीकडं बार्शीकडं सरकला. अडत्येही बिऱ्हाड घेऊन गेले. बँकेच्या दाराला कुलूप लागलं, नवा सालिस आलाच नाही, अदालत कधी भरायची कधी नाही. बाईनं दावा मात्र लावला होता. आईनं लपवून ठेवलेल्या पैशांतून तिच्या स्टँपाचे पैसे दिले, हे तुम्हांला माहीत होतं की नाही कोण जाणे. ती बाई तेरखेड्याचं घर सोडून हलली नाही. एकटीच नळ्या वळत राहिली. कुणी विकत घेणारं नव्हतं तरी वळत होती, असं पुढं तिनंच सांगितलं.

पोलीस ॲक्शन झाली, निजामाचं राज्य गेलं, माणसं परत आली, अडत्येही आले. नव्या साहेबांनी बँकेचे जुने वाद बाहेर काढले. दुसऱ्या सालिसानं निवाडा दिला तो अगदी तुम्ही सांगितला तसाच, फक्त शेवटची ओळ नसलेला. घर राहिलं. तो निवाडा टिकला.

आणि मग अदालतीत तुमची साक्ष लागली. तोवर तुम्हांला उजेड आणि अंधार एवढंच कळत होतं. मी तुमचा हात धरून नेलं. पिंजऱ्याची पायरी तुमच्या पायाला सापडेना, तेव्हा बेलिफानं तुमचा पाय उचलून वर ठेवला. तो तुमचाच विद्यार्थी होता. तुम्ही काय ऐकलं ते सांगितलंत. अध्यक्षांचे शब्द जसेच्या तसे, ते कुठं बसले होते, कारकुनानं खाली बघितलं होतं, तेसुद्धा. मग त्यांचा वकील उठला. त्यानं विचारलं की हद्द ओलांडली म्हणूनच तुम्हांला काढलं ना? सगळे माझ्याकडं बघतायत असं मला वाटलं. कुणी बघत नव्हतं.

‘होय,’ तुम्ही म्हणालात. ‘मी ओलांडली. समजून उमजून ओलांडली. ती माझी चूक. पण मी जे कानांनी ऐकलं ते त्यानं खोटं ठरत नाही.’

बाईला गोठ मिळाले. बोरमाळ मोडलेली होती, तिची किंमत मिळाली. गोठ हातात घालून ती आपल्याकडं आली आणि तुम्हांला दिसत नव्हते म्हणून तुमची बोटं त्यांवरून फिरवली तिनं. तुम्ही हसलात. त्या वर्षीच्या थंडीत तुम्ही गेलात. आदल्या वर्षीचं उरलेलं दारूकाम तिनं न विकता ठेवलं होतं, पण तुम्ही गेल्यावर ते वाजवायला तिचं मन झालं नाही, असं ती म्हणायची. ती पुढं पुष्कळ वर्षं जगली. मी इथं मुलींच्या शाळेत लागले, तीस वर्षं शिकवलं. सास्तूरकडचे माझे डाग मी कधी मागितले नाहीत. काही वर्षांनी त्यांचं स्वरूपही आठवेनासं झालं. एक सरी होती, एवढं आठवतं.

एवढं सगळं आठवत असताना एकच गोष्ट मला कधी कळली नाही. ती ओळ तुम्ही कुणासाठी सांगितलीत? तुमच्यासारख्या माणसानं ती त्या बाईसाठी, न्यायासाठी सांगितली असावी. साक्षीच्या पिंजऱ्यात तुम्ही त्याला चूक म्हणालात, पण का केली ते कुणी विचारलं नाही आणि तुम्ही सांगितलं नाही. अदालतीतून घरी येईपर्यंत तुमचा हात माझ्या हातात होता. मला विचारता आलं असतं. मी रस्त्यातले दगड सांगत आले.

मी हे पत्र कुठं टाकणार नाही. पत्ता नाही म्हणून नव्हे. पत्ता असता तरी टाकलं नसतं, कारण तुम्ही उत्तर लिहिलं असतंत आणि ते खरं असतं. आणि मला, या वयात, खरं नकोय अण्णा. तुम्ही ती हद्द माझ्यासाठी ओलांडलीत, असंच मी इतकी वर्षं धरून बसलेय.